वाचलेली, पण कधीच न ऐकलेली विशेषणं

सॅम्युएल जॉन्सनचा इंग्रजी कोश १७५५ साली लंडनमध्ये दोन जाडजूड खंडांत निघाला. त्यात ‘नेटवर्क’ हा शब्द आहे. तेव्हा राउटर नव्हते, वायफाय नव्हतं. नेटवर्क म्हणजे जाळी, विणलेली किंवा गुंफलेली. कोळ्याच्या जाळ्याकडे बोट दाखवलं असतं तरी काम भागलं असतं. पण या साध्या वस्तूचा अर्थ सांगायला जॉन्सननं दोन भारदस्त विशेषणं काढली : ‘रेटिक्युलेटेड’ आणि ‘डिकसेटेड’. आता रेटिक्युलेटेड म्हणजे काय, ते बघायला त्याच कोशाची पानं उलटावीत, तर तिथं कळतं की जे नेटवर्कचं बनलेलं असतं ते रेटिक्युलेटेड. आमच्या धंद्यात याला सर्क्युलर डिपेंडन्सी म्हणतात आणि असा कोड रिव्ह्यूमधून परत येतो. जॉन्सनचा कोश मात्र पुढची शंभरेक वर्षं इंग्रजीचा सगळ्यात वजनदार कोश म्हणून मिरवला.

दुसरं विशेषण जास्त मजेदार आहे. डिकसेटेड म्हणजे फुलीच्या आकारात एकमेकांना छेदणारं. रोमन आकड्यांत दहा हा आकडा फुलीसारखा लिहितात. लॅटिनमधल्या ‘दहा’वरून ही फुली आली आणि फुलीवरून हे विशेषण. जन्मापासून इंग्रजी बोलणाऱ्या बहुतेकांनी तो शब्द कधी ऐकलेला नसतो. आपल्याकडे बॉटनी शिकलेल्या मुलांना मात्र ‘डिकसेट’ माहीत असतो. तुळशीची काडी वरून बघा : पानांची एक जोडी पूर्व-पश्चिम, तर तिच्या वरची दक्षिण-उत्तर. रुईचंही तसंच. ही ती फुली.

म्हणजे लंडनमधल्या माणसाला परका असलेला इंग्रजी शब्द बारामतीतल्या बीएस्सीच्या मुलीला ठाऊक असू शकतो. पण तो उच्चारायची वेळ आली की हीच मुलगी अडखळेल आणि लंडनवाला बिनधास्त काहीतरी ठोकून देईल. अर्थ माहीत नसून त्याला धीर कुठून येतो आणि अर्थ माहीत असून आपली जीभ का अडते? यामागे जवळपास पावणेपाचशे वर्षांचा इतिहास आहे. शब्दांचा आहेच, पण त्याहून जास्त, लाज कुणाला वाटायला लावायची याचा आहे.

नाम घरचं, विशेषण पाहुणं

इंग्रजीत चंद्राला ‘मून’ म्हणतात, पण चांद्र म्हणायला ‘लूनर’. सूर्य ‘सन’, पण सौर ‘सोलर’. तोंड ‘माउथ’, पण तोंडी परीक्षा ‘ओरल’. नाक ‘नोज’, पण नाकाचं ते ‘नेझल’. कुत्रा ‘डॉग’, पण कुत्र्याचं ‘केनाइन’. नामं जुन्या इंग्रजीची, शेतातली, चुलीजवळची. विशेषणं बाहेरून आलेली, बहुतेक लॅटिनमधून, काही थेट आणि काही फ्रेंचच्या मार्गानं. १०६६ मध्ये नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकलं. त्यानंतर दरबार आणि कायदा फ्रेंचमध्ये चालला, चर्च आणि विद्यापीठं लॅटिनमध्ये. विशेषणांची गरज जास्त कुठे पडते? वर्गीकरणात, कायद्यात, शास्त्रात. तिथं बसलेल्या लोकांची भाषा घरची नव्हती, म्हणून विशेषणंही घरची राहिली नाहीत.

मराठी वाचकाला हे समजायला फारसं जड जाऊ नये, कारण आपणही हेच केलंय. आपण ‘डोळा’ म्हणतो, पण डोळ्यांनी दिसणारं ते ‘चाक्षुष’. ओठ, पण ‘ओष्ठ्य’. दात, पण ‘दंत्य’. आग, पण ‘आग्नेय’. नाम घासून गुळगुळीत झालेलं, विशेषण संस्कृतातून इस्त्री करून आणलेलं. फरक एवढाच की ‘चाक्षुष’ हा शब्द आयुष्यात पहिल्यांदा वाचणारा माणूसही तो बरोबर उच्चारतो. देवनागरी त्याला तेवढं देते. इंग्रजीत शब्द डोळ्याला दिसला म्हणून जिभेला कळतोच असं नाही. तिथल्या छपाईनं पंधराव्या-सोळाव्या शतकातलं स्पेलिंग हळूहळू पक्कं केलं आणि त्याच सुमारास स्वर मात्र जागा बदलत राहिले.

दिवसाच्या वेळांचीच विशेषणं घ्या. ‘अँटिल्यूकन’ म्हणजे उजाडण्याआधीचं. अमेरिकेतल्या क्लायंटसाठी पहाटे चार वाजता केलेलं रिलीज अँटिल्यूकन असतं. सकाळचं ते ‘मॅट्यूटाइनल’, निदान ब्रिटनमध्ये. अमेरिकेत त्याच शब्दाचा जोर दुसऱ्या अक्षरावर जातो आणि तो ‘मट्यूटिनल’ होतो. संध्याकाळचं ‘व्हेस्परटाइन’, काही जण शेवट ‘टिन’ असा करतात. संधिप्रकाशात बाहेर पडणारे ससे ‘क्रिपस्क्युलर’, जोर ‘पस्’वर. आणि कालचं ते ‘हेस्टर्नल’. फोडणीच्या पोळीतली पोळी हेस्टर्नल असते.

यातला शेवटचा शब्द आपल्या नात्यातला आहे. संस्कृतात काल म्हणजे ‘ह्यः’, आणि कालचं ते ‘ह्यस्तन’. लॅटिनचा ‘हेस्टर्नस’, संस्कृतचा ‘ह्यस्’ आणि इंग्रजीच्या ‘यस्टरडे’तला ‘यस्टर’ एकाच मुळातून फुटलेले आहेत. म्हणजे इंग्रजीकडे कालसाठी घरचा शब्द होता. तरीही विशेषण हवं झालं तेव्हा त्यांनी त्याच्या लॅटिन चुलतभावाला बोलावलं.

शिंगाच्या दौतीतले शब्द

सोळाव्या शतकात ही आयात महापुरासारखी वाढली. ग्रीक-लॅटिन ग्रंथांची भाषांतरं होत होती, छापखाने चालू होते, आणि भाषांतरकारांना इंग्रजी तोकडी वाटत होती. शब्द सापडला नाही की लॅटिन शब्द उचलायचा, शेपूट कापायचं, इंग्रजी शेपूट जोडायचं. लोकांनी अशा शब्दांना नाव ठेवलं ‘इंकहॉर्न टर्म्स’. इंकहॉर्न म्हणजे शाई ठेवायची शिंगाची दौत. बोलण्यातून न उगवता दौतीतून उगवलेले शब्द, असा टोमणा.

टोमणे मारणाऱ्यांत पुढे होता टॉमस विल्सन. १५५३ साली त्यानं वक्तृत्वावरच्या आपल्या पुस्तकात एक पत्र छापलं. लिंकनशायरमधला एक माणूस चर्चमधल्या नोकरीसाठी वशिला लावतोय आणि साहेबावर छाप पाडायला पोतंभर लॅटिन शब्द ओततोय, असं ते पत्र. वाचकांनी खो-खो हसावं, हा हेतू. आज ते वाचताना वेगळीच गंमत होते. त्यातले ‘इन्जंट’, ‘मॅग्निफिकल’, ‘फॅटिगेट’ हे शब्द मेले. पण ‘इन्जीनियस’, ‘मंडेन’, ‘डेक्स्टेरिटी’, ‘सेलिब्रेट’ हेही त्याच विनोदी पत्रात आहेत, आणि आज ते कुणालाही विनोदी वाटत नाहीत. कुठला शब्द टिकणार, हे विल्सनसारख्या जाणत्या माणसालाही सांगता आलं नाही.

दुसऱ्या बाजूनं विरोध केला जॉन चीक यानं. हा केंब्रिजमधला ग्रीकचा प्राध्यापक, म्हणजे परक्या भाषा येत नाहीत म्हणून चिडलेला माणूस नव्हे. १५५७ साली एका पत्रात त्यानं लिहिलं की आपली भाषा उसनवारीनं भेसळ न करता स्वच्छ आणि शुद्ध लिहावी. शुद्धसाठी त्यानं जो ‘प्युअर’ शब्द वापरला तोच लॅटिनकडून फ्रेंचमार्गे उसना घेतलेला होता. पण चीक नुसता बोलून थांबला नाही. मॅथ्यूच्या शुभवर्तमानाचं भाषांतर करताना त्यानं ‘ल्युनॅटिक’ऐवजी ‘मून्ड’ लिहिलं, म्हणजे चंद्र लागलेला. शंभर शिपायांचा नायक ‘सेंच्युरियन’, त्याचा ‘हंड्रेडर’ केला. ‘रेझरेक्शन’चं ‘गेनरायझिंग’ केलं.

चीकचे शब्द वाईट नव्हते. शेतकऱ्यालाही ते पहिल्या फटक्यात कळले असते. तरी ते चालले नाहीत. आपल्याकडे सावरकरांच्या भाषाशुद्धीतले ‘महापौर’ आणि ‘दिनांक’ रुजले, पण त्याच मोहिमेतले कितीतरी शब्द रुजले नाहीत, तसंच काहीसं. फक्त दिशा उलटी. चीकनं विद्वत्तेचे शब्द काढून घरचे घातले, आणि इंग्रजीच्या वाचकाला तोवर विद्वत्तेच्या शब्दांची चटक लागली होती. ‘हंड्रेडर’ सगळ्यांना कळतो, हाच त्याचा दोष ठरला.

बायकांसाठी निघालेला कोश

शब्द आले. ते कळणार कुणाला? ज्याला लॅटिन येतं त्याला. लॅटिन शिकवायच्या त्या ‘ग्रामर स्कूल’ नावाच्या शाळा, आणि त्या मुलग्यांसाठी. मुली घरी. व्यापारी, कारागीर यांचंही लॅटिन यथातथा. म्हणजे रविवारी चर्चमध्ये पाद्री स्वतःच्या मातृभाषेत बोलतोय, आणि बाकावर बसलेल्या अर्ध्या लोकांना तो काय म्हणतोय ते उमगत नाही.

१६०४ साली रॉबर्ट कॉड्री या माणसानं यावर तोडगा काढला. हा शाळामास्तर आणि पाद्री. अधिकृत प्रार्थनाविधी मुकाट पाळायला तयार नव्हता, म्हणून त्याची पाद्र्याची जागा गेली होती. त्याचं ‘अ टेबल अल्फाबेटिकल’ हे छोटं पुस्तक इंग्रजीचा पहिला इंग्रजी-इंग्रजी कोश मानलं जातं. शब्द साधारण अडीच हजार, तेही सगळे कठीण. सोपे शब्द त्यात नाहीतच, कारण ते सांगायची गरज काय? अर्थ एक-दोन शब्दांत. पहिल्या आवृत्तीची एकच प्रत आज शिल्लक आहे, ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात.

पुस्तक कुणासाठी, हे त्यानं मुखपृष्ठावरच छापलं : बायकांसाठी आणि ज्यांचं शिक्षण झालेलं नाही अशा इतरांसाठी. त्यांना धर्मग्रंथांत, प्रवचनांत किंवा आणखी कुठे भेटणारे कठीण शब्द समजावेत आणि स्वतःलाही ते योग्य जागी वापरता यावेत. कोश कसा वापरायचा हेही तो समजावून सांगतो. शब्द ‘ए’नं सुरू होत असेल तर पुस्तकाच्या सुरुवातीला शोधा, ‘व्ही’नं सुरू होत असेल तर शेवटाकडे. अक्षरक्रमानं शोधणं हीच तेव्हा नवी गोष्ट होती. आज आपण ज्याला युझर मॅन्युअल म्हणू, ते त्यानं प्रस्तावनेत दिलं.

त्याच प्रस्तावनेत एक विसंगती आहे. जडजंबाल शब्द वापरणाऱ्यांवर कॉड्री झोड उठवतो, आणि ती झोड बरीचशी विल्सनच्या पुस्तकातून उचललेली आहे. कठीण शब्दांच्या कोशाच्या दारातच कठीण शब्दांविरुद्धचा फलक. पण मला यात ढोंग दिसत नाही. शब्द नकोत असं म्हणून ते जाणार नव्हते. मग निदान ज्यांना शाळेबाहेर ठेवलंय त्यांच्या हाती किल्ली तरी द्यावी, एवढाच सरळ हिशोब.

किल्ली हातात आली की लोक आतही शिरतात. १६२३ मध्ये हेन्री कॉकरमनं कोश काढला, त्याच्या पहिल्या भागात कठीण शब्द आणि त्यांचे सोपे अर्थ. दुसरा भाग उलटा : साधा शब्द शोधा, समोर त्याचा भारी शब्द तयार. म्हणजे समजण्यासाठीचा कोश वीस वर्षांत मिरवण्यासाठीचाही झाला. आज ईमेलमध्ये ‘अनेक’ लिहिण्याऐवजी थिसॉरस उघडून ‘मल्टिफेरियस’ टाकणारा माणूस कॉकरमचाच वारसदार. १६५६ मध्ये टॉमस ब्लाउंट या वकिलानं सुमारे अकरा हजार शब्दांचा कोश केला. दोनच वर्षांत मिल्टनचा भाचा एडवर्ड फिलिप्स यानं त्यातला बराच माल उचलून स्वतःचा कोश छापला, आणि उचलताना चुकाही केल्या. त्या चुका दाखवायला ब्लाउंटनं १६७३ मध्ये आख्खी पुस्तिका लिहिली. कॉपी-पेस्ट करताना बग तसाच राहून पकडलं जाणं, हे आपल्या पिढीनं सुरू केलेलं नाही.

या सगळ्या कोशांत एक गोष्ट नव्हती : उच्चार. अर्थ कळला, झालं. शब्द मुख्यतः डोळ्यांसाठी होते.

ग्रेट की ग्रीट

अठराव्या शतकात लोकांना उच्चाराची भीती वाटू लागली. १७०७ साली स्कॉटलंड आणि इंग्लंडची संसद एक झाली आणि स्कॉटिश पुढाऱ्यांना लंडनमध्ये उभं राहून बोलायची वेळ आली. त्यांची विद्वत्ता कुणी नाकारत नव्हतं, पण तोंड उघडलं की लोक गालात हसायचे. भीती आली की बाजारही येतो.

जॉन्सनसमोर हा प्रश्न होता. त्यानं आपल्या कोशात कुठल्या अक्षरावर जोर द्यायचा तेवढी खूण केली आणि थांबला. का थांबला, ते त्यानं पुढे बॉस्वेलला सांगितलं. कोशाची योजना जाहीर झाली तेव्हा लॉर्ड चेस्टरफील्डनं त्याला सांगितलं की ‘ग्रेट’चा उच्चार ‘स्टेट’शी जुळायला हवा. सर विल्यम यंगचा निरोप आला की तो ‘सीट’शी जुळतो, म्हणजे ‘ग्रीट’, आणि ‘ग्रेट’ म्हणेल तो फक्त आयरिश माणूस. एक सरदारांच्या सभागृहातला सर्वोत्तम वक्ता, दुसरा लोकसभागृहातला. दोघांचं एका अक्षरावर एकमत नाही. आज जगभर ‘ग्रेट’च म्हणतात. यंगच्या मते जो उच्चार फक्त आयरिश माणसाला शोभला असता, तो जिंकला.

खुद्द जॉन्सन लिचफील्ड या गावातल्या पुस्तकविक्रेत्याचा मुलगा. त्याच्या बोलण्यातला गावाकडचा हेल शेवटपर्यंत गेला नाही. ‘पंच’ या पेयाला तो ‘पून्श’ म्हणायचा, आणि त्याचा जुना विद्यार्थी, प्रसिद्ध नट डेव्हिड गॅरिक, त्याची नक्कल करून मित्रांना हसवायचा. इंग्रजीचा सर्वांत मोठा कोशकार, आणि त्याच्याही उच्चाराला लोक हसत.

मग उच्चार ठरवले कुणी? १७५७ साली जेम्स बुकॅननचा उच्चारांवरचा कोश आला, तो स्कॉटिश. १७८० मध्ये टॉमस शेरिडनचा मोठा उच्चारकोश आला. तो डब्लिनचा, आयरिश, पेशानं नट. त्याआधी १७६१ मध्ये त्यानं एडिंबरोत जाऊन शेकडो स्कॉटिश सभ्य गृहस्थांना शुद्ध इंग्रजी कसं बोलावं यावर व्याख्यानं दिली होती. एक आयरिश माणूस स्कॉटिश लोकांना इंग्लिश लोकांसारखं बोलायला शिकवतोय, आणि लोक पैसे देऊन ऐकतायत! जॉन्सननं कुत्सितपणे विचारलंच, की उच्चार ठरवायचा याला काय अधिकार, आयरिश असणं ही पहिलीच अडचण. पण मला यात आश्चर्य वाटत नाही. जो घरातच जन्मला त्याला घराचा नकाशा काढावा लागत नाही. नकाशा बाहेरून आलेला काढतो, कारण ठेचा त्यालाच लागलेल्या असतात.

१७९१ मध्ये जॉन वॉकरचा कोश आला आणि शेरिडनच्या पुढे गेला. हा लंडनजवळचा, पण हाही नट. शेरिडन आणि वॉकर यांच्या कोशांत स्वरांच्या डोक्यावर छोटे आकडे छापलेले असतात. एक आकडा म्हणजे ‘फेट’मधला स्वर, दुसरा म्हणजे ‘फार’मधला. थोडक्यात, एन्कोडिंग. वॉकरनं सुरुवातीलाच तीन प्रकारच्या लोकांसाठी सूचना दिल्या : स्कॉटिशांनी काय टाळावं, आयरिशांनी काय टाळावं आणि लंडनच्या सामान्य कॉकनी माणसानं काय टाळावं. एकोणिसावं शतकभर हा कोश पुन्हा पुन्हा छापला गेला. कॉड्रीचा कोश लोकांना ‘आत या’ म्हणत होता. वॉकरचा कोश दाराशी उभा राहून कोण कुठून आलाय ते ओळखायला शिकवत होता.

आणि या गोष्टीतला सगळ्यात कडवट विनोद शेरिडनच्याच घरात आहे. त्याचा मुलगा रिचर्ड ब्रिन्सली शेरिडन मोठा नाटककार झाला. त्याच्या ‘द रायव्हल्स’ या १७७५ च्या नाटकात मिसेस मॅलाप्रॉप नावाची बाई आहे. ती भारी शब्द वापरायला जाते आणि भलताच शब्द बोलते. सुसरीला ‘ॲलिगेटर’ म्हणायचं तर ‘ॲलेगरी’ म्हणते. प्रेक्षक पोट धरून हसले आणि ‘मॅलाप्रॉपिझम’ हा शब्दच इंग्रजीत राहून गेला. आधी बायकांना लॅटिनच्या शाळेत घेतलं नाही. मग भाषा लॅटिन शब्दांनी भरली. मग त्यांच्यासाठी कोश काढले. आणि कोश वाचून त्या ते शब्द बोलायला लागल्या तेव्हा त्यांना रंगमंचावर उभं करून हसले. मी ते नाटक वाचताना दोन-तीनदा हसलो आणि नंतर हा क्रम आठवून जरा गप्प झालो.

वाझ, व्हाझ आणि व्हॉज

ऑक्सफर्डच्या महाकोशाचा संपादक जेम्स मरे हाही बाहेरचाच. स्कॉटलंडमधल्या डेनम गावच्या शिंप्याचा मुलगा, चौदाव्या वर्षी शाळा सुटलेली. कोशाचा पहिला भाग १८८४ मध्ये निघाला, काम संपलं १९२८ मध्ये, मरेच्या मृत्यूनंतर तेरा वर्षांनी. वापरातून गेलेल्या शब्दाआधी या कोशात कट्यारीची खूण छापतात. शब्द मेला, एवढंच ती सांगते; त्याला बाहेर काढत नाहीत. एकदा आत आलेला शब्द हा कोश काढून टाकत नाही. चारशे वर्षांपूर्वी कुणी एकदाच वापरून सोडून दिलेली विशेषणंही त्यात पडून आहेत.

उच्चार दाखवायला मरेनं स्वतःची लिपीखूण तयार केली. पण उच्चाराबाबत तो वॉकरसारखा कडक नव्हता. फुलदाणीच्या ‘व्हेज’ या शब्दाचे तेव्हा तीन-चार उच्चार चालत. १८९५ मध्ये त्यानं म्हटलं की हा स्वतंत्र देश आहे, ज्याला जो उच्चार आवडेल तो त्यानं करावा. आपण सगळे एकसारखे चालत नाही की जेवत नाही, मग बोलण्यातच एकसारखेपणाचा आग्रह कशाला? बोलणं कळलं पाहिजे आणि त्याची शोभा जाऊ नये, एवढंच. जगातल्या सगळ्यात मोठ्या इंग्रजी कोशाच्या संपादकाचं हे मत आहे. पुढच्या वेळी कुणी तुमचा उच्चार अडवला तर वापरायला हरकत नाही.

दुर्मीळ विशेषणांबद्दल तर हे आणखी खरं आहे. बोलून बोलून उच्चार पक्का होतो. ‘हेस्टर्नल’ कुणी बोलतच नाही, तर पक्का होणार कसा? असे शब्द सगळेच जण पुस्तकात भेटतात, मातृभाषा इंग्रजी असलेलेही. त्यांच्यातली एक प्रसिद्ध गंमत ‘मिसलेड’ या शब्दाची. अर्थ : दिशाभूल झालेला. स्पेलिंग एम-आय-एस-एल-ई-डी. कित्येक इंग्रज आणि अमेरिकन वाचक लहानपणापासून हा शब्द मनातल्या मनात ‘मायझल्ड’ असा वाचत आलेले असतात, आणि ‘मायझल’ नावाचं एक क्रियापद आहे असं समजून मोठे होतात. ‘अराय’ला ‘ऑरी’ वाचणारेही तिथे पुष्कळ. वाचून शिकलेल्या माणसाची ही खूण आहे. ज्यानं तो शब्द कुठे वाचलाच नाही, त्याच्यावर तो चुकीचा उच्चारायची वेळच येत नाही.

मीटिंगमधला मूक शब्द

आता आपल्याकडे. आमच्या क्षेत्रात अशी माणसं मी बरीच पाहिली आहेत. लातूर, चोपडा, सावंतवाडी अशा ठिकाणांहून, मराठी माध्यमातून आलेली. त्यांचं डिझाइन डॉक्युमेंट वाचावं तर ‘इन्कोएट’, ‘टॅन्जेन्शल’ असे शब्द अगदी नेमक्या जागी बसलेले. ‘इन्कोएट’ म्हणजे नुकतंच आकार घेऊ लागलेलं, अर्धंकच्चं. त्यातला ‘सीएच’ हा ‘च’ नसून ‘क’ आहे. हाच माणूस मीटिंगमध्ये ‘नॉट रेडी’ म्हणतो आणि खाली बसतो. त्याला शब्द येतो, अर्थ येतो. पण ‘इंचोट’ म्हणालो आणि कुणी हसलं तर, या भीतीनं तो शब्द गिळतो. त्याच खोलीत दुसरा कुणीतरी झकास हेल काढून पोकळ बोलतो आणि त्याचं म्हणणं जास्त ऐकलं जातं. यात नुकसान फक्त त्या एका माणसाचं होत नाही. नेमका शब्द गेला की नेमका मुद्दाही जातो.

याच शब्दांना दुसरीकडे वेगळा मान आहे. अमेरिकेतली राष्ट्रीय स्पेलिंग स्पर्धा १९२५ पासून चालू आहे. १९८५ मध्ये पहिल्यांदा भारतीय वंशाचा मुलगा ती जिंकला, आणि २०१९ मध्ये आठ जण एकत्र विजेते ठरले, त्यांतले सात भारतीय वंशाचे. त्या वर्षीच्या जिंकून देणाऱ्या शब्दांत ‘सर्न्युअस’ हे विशेषण होतं : मान खाली घातलेलं, विशेषतः फूल. तिथं मंचावरचं मूल निःसंकोच विचारतं : उच्चार पुन्हा सांगाल? अर्थ काय? शब्द कुठल्या भाषेतला? नाम की विशेषण? विचारणं हा तिथल्या नियमांचा भाग आहे. बारा-तेरा वर्षांचं मूल टीव्हीवर, लाखो लोकांसमोर जे विचारू शकतं, ते पंचविशीतला इंजिनियर आठ माणसांच्या खोलीत विचारू शकत नाही. त्याला कुणी सांगितलेलं नसतं की हा प्रश्न चालतो.

तर माझं म्हणणं एवढंच आहे. ही विशेषणं कुणाच्याच आईनं अंगाईत गायलेली नाहीत. ती लंडनच्या मुलालाही पुस्तकातून शिकावी लागतात आणि लातूरच्याही. त्यांचे अर्थ पहिल्यांदा छापले गेले ते शाळेबाहेर ठेवलेल्यांसाठी, आणि त्यांचे उच्चार छापण्यात पुढे होते ते बोलीवरून हिणवले गेलेले स्कॉटिश आणि आयरिश. या शब्दांवर मालकी सांगण्याइतका जुना सात-बारा कुणाकडेच नाही. उच्चार माहीत नसेल तर विचारावा, फोनवर स्पीकरचं चित्र दाबून ऐकावा, दोन उच्चार निघाले तर आवडेल तो घ्यावा. शब्द मात्र गिळू नये.

आणि एक गोष्ट आपल्या बाजूचीही बघायला हवी. इंग्रजीत ‘कालचं’ला जसा हेस्टर्नल, तसा ‘आजचं’ला ‘होडिअर्नल’ आहे. संस्कृतात ही जोडी ह्यस्तन आणि अद्यतन. ह्यस्तन मराठीत कुणी वापरत नाही. अद्यतन मात्र माझ्याच धंद्यातल्या लोकांनी उचलला आणि लाखो फोनमध्ये घातला. फोनची भाषा मराठी केलीत की कुठल्या ना कुठल्या ॲपमध्ये ‘अद्यतनित करा’ असं बटण भेटतंच. ते वाचून किती जणी थबकतात, मुलाला हाक मारतात, ‘अरे हे काय म्हणतंय बघ’ म्हणतात? त्यांच्यासाठी कोश कुणी काढलेला नाही. तो शब्द लिहिणाऱ्यानं शेजारी ‘अपडेट’ एवढं जरी लिहिलं असतं, तरी भागलं असतं.